गाडी सिग्नलला बंद पडते? आधी मोबाईलवर थ्रॉटलचा आकडा बघा, मगच पाना उचला

मागच्या वर्षी दिवाळीच्या थोडं आधी बाबांचा साताऱ्याहून फोन आला. "अगं, आज परत गाडी बंद पडली. पोवई नाक्यावर, ऐन गर्दीत. मागचे हॉर्न वाजवून वाजवून थकले."

आमची गाडी २०१४ची पेट्रोल हॅचबॅक, ७८ हजार किलोमीटर चाललेली. पळताना काही तक्रार नाही. पण स्पीड कमी करून थांबलं, की आरपीएमचा काटा खाली-वर नाचायचा आणि कधीकधी इंजिन गप्प. वर्कशॉपमध्ये नेली तर सांगितलं, "थ्रॉटल बॉडी गेली. नवीन टाकावी लागेल. १९ हजार, मजुरी वेगळी." बाबा म्हणाले, "एवढे घालण्यापेक्षा विकून टाकतो. तुझ्या आईला दर महिन्याला तपासणीला न्यायचं असतं. रस्त्यात बंद पडली तर काय करू?"

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे, मेकॅनिक नाही. पण आमच्या कामात एक गोष्ट लवकर अंगी मुरते: लॉग न वाचता कोडला हात लावायचा नाही. गाडीलाही लॉग असतो आणि तो आपल्या मोबाईलवर वाचता येतो. तो वाचला, आणि १९ हजारांचं काम १,०३० रुपयांत आणि एका सकाळीत झालं. त्यात माझ्या दोन चुकाही झाल्या, त्याही सांगणार आहे. आणि हेही सांगणार आहे की एका दुसऱ्या गाडीत त्याच मोबाईलने आम्हाला "साफ करून उपयोग नाही" असं दाखवलं.

चला तर मग, पहिल्यापासून बघू. (हा लेख पेट्रोल गाड्यांसाठी आहे. डिझेल इंजिनमध्ये थ्रॉटलचं काम वेगळं असतं. हायब्रिड गाडीला घरी हात लावू नका.)

थ्रॉटल म्हणजे नेमकं काय?

पेट्रोल इंजिन श्वास घेतं. वजनाने साधारण १४.७ भाग हवा आणि १ भाग पेट्रोल, हे नीट जळायचं प्रमाण. किती हवा आत जाणार हे ठरवते एक गोल चकती. एअर फिल्टरकडून येणारा जाड पाईप जिथे इंजिनला मिळतो, तिथे ही चकती एका दांड्यावर फिरते. चकती, तिचं घर आणि मोटर मिळून होते थ्रॉटल बॉडी.

जुन्या गाड्यांत अ‍ॅक्सिलरेटरपासून या चकतीपर्यंत सरळ वायर असायची. पाय दाबला की वायर ओढली जायची आणि चकती उघडायची. आताच्या गाड्यांत ती वायर नाही. पेडलला सेन्सर असतो. तो ईसीयूला, म्हणजे गाडीच्या कॉम्प्युटरला सांगतो, "पाय एवढा दाबलाय." ईसीयू हिशोब करतो आणि थ्रॉटलवरच्या छोट्या मोटरला चकती किती उघडायची ते सांगतो. बीएमडब्ल्यूने १९८०च्या दशकाच्या शेवटी ७५०आय गाडीत हे दिलं होतं. आज साध्या हॅचबॅकमध्येही तेच असतं.

म्हणजे अ‍ॅक्सिलरेटर दाबणं ही आता आज्ञा राहिली नाही, विनंती झाली आहे. अ‍ॅप सर्व्हरला रिक्वेस्ट पाठवतं, तशी.

मग सेन्सर चुकला तर गाडी सुसाट पळेल का? म्हणूनच पेडलला दोन सेन्सर असतात आणि चकतीलाही दोन. ईसीयू सतत दोघांचे आकडे ताडून बघतो. आकडे जुळले नाहीत तर तो मोटरचा करंटच काढून घेतो. तेव्हा स्प्रिंग चकतीला अगदी थोड्या उघड्या जागेवर आणून ठेवते. गाडी मंद चालते, पण कडेला घेता येते. यालाच 'लिम्प मोड' म्हणतात. गाडी लिम्प मोडमध्ये गेली म्हणजे ती बिघडलीच असं नाही, ती तुम्हाला सांभाळतेय.

मग आयडलिंगला गाडी का बंद पडते?

वायरवाल्या फ्युएल इंजेक्शन गाड्यांत आयडलिंगसाठी, म्हणजे गाडी उभी असताना इंजिन चालू ठेवण्यासाठी, हवेचा वेगळा छोटा व्हॉल्व्ह असायचा. इलेक्ट्रॉनिक थ्रॉटलमध्ये बहुतेक वेळा तो नसतो. चकतीच केसाएवढी उघडून तेवढी हवा आत सोडते.

आता गंमत बघा. इंजिनच्या आतली तेलकट वाफ बाहेर हवेत सोडायला परवानगी नाही. म्हणून एका नळीतून ती परत इनटेकमध्ये सोडतात. त्या वाफेतलं तेल आणि धुळीचे कण चकतीच्या काठावर आणि मागच्या बाजूला बसतात. वर्षानुवर्षं बसून काळं, चिकट कडं तयार होतं. गाडी ६०च्या स्पीडला असताना चकती भरपूर उघडी असते, तेव्हा या कड्याने काही फरक पडत नाही. पण सिग्नलला उभं राहिल्यावर हवेची वाटच केसाएवढी असते. तीच कड्याने अडवलेली असते.

ईसीयू हुशार आहे. हवा कमी पडतेय हे बघून तो चकती थोडी जास्त उघडतो आणि तो नवीन आकडा लक्षात ठेवतो. कचरा वाढला की अजून थोडी. असं वर्षभर तो निमूट सांभाळून घेतो, म्हणून आपल्याला काही कळत नाही. एक दिवस सांभाळून घ्यायची हद्द संपते. त्यातून एसी लावला किंवा स्टिअरिंग पूर्ण वळवलं की इंजिनवर लोड येतो, आणि गाडी बंद.

ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे दोनदा लागणार आहे: ईसीयू कचऱ्याशी जुळवून घ्यायला शिकतो.

मोबाईलवर तपासणी: काय लागतं?

१. ओबीडी अ‍ॅडॅप्टर. भारतात बीएस-४ गाड्यांना २०१०पासून ओबीडी लागू झालं आणि २०१३पासून त्याचा पुढचा टप्पा, ओबीडी-२. स्टिअरिंगच्या खाली, ड्रायव्हरच्या गुडघ्याजवळ १६ पिनांचं सॉकेट असतं, तेच हे. त्यात 'ईएलएम३२७' प्रकारचा अ‍ॅडॅप्टर बसवायचा. मी ६५० रुपयांचा घेतला. बाजारात बहुतेक नकलाच आहेत. व्हर्जनच्या आकड्याला भुलू नका, परत करता येईल अशा ठिकाणाहून घ्या. अँड्रॉइडला साधा ब्लूटूथ अ‍ॅडॅप्टर चालतो. आयफोनला वाय-फायवाला किंवा ब्लूटूथ लो एनर्जीवाला लागतो. घेताना हे नीट वाचा, इथे खूप जण फसतात.

२. अ‍ॅप. अँड्रॉइडवर 'टॉर्क' किंवा 'कार स्कॅनर' घ्या. कार स्कॅनर आयफोनवरही आहे. फुकटातलं पुरेसं आहे.

अ‍ॅडॅप्टर लावा, किल्ली ऑन करा, ब्लूटूथ पेअर करा. पिन बहुतेक वेळा १२३४ किंवा ०००० असतो. काम झालं की अ‍ॅडॅप्टर काढून ठेवा, नाहीतर उभ्या गाडीची बॅटरी तो हळूहळू पितो. आणि गाडी चालवताना स्क्रीनकडे बघू नका. इथल्या सगळ्या चाचण्या गाडी उभी ठेवूनच करायच्या आहेत.

पायरी १: फॉल्ट कोड वाचा, पुसू नका

माझी पहिली चूक इथेच झाली. शनिवारी साताऱ्याला पोचले, अ‍ॅडॅप्टर लावला, कोड दिसला आणि उत्साहात 'क्लिअर' दाबलं. कोडसोबत ईसीयू 'फ्रीझ फ्रेम' साठवतो, म्हणजे गडबड झाली त्या क्षणाचे स्पीड, तापमान, आरपीएम. तेही पुसलं गेलं. म्हणजे क्रॅश झालेल्या अ‍ॅपचा लॉगच उडवला! मग दोन दिवस गाडी गावभर फिरवली तेव्हा कोड परत आला. म्हणून आधी स्क्रीनशॉट, बाकी नंतर.

थ्रॉटलशी संबंध असलेले नेहमीचे कोड असे:

• पी०५०६: आयडलिंगचा आरपीएम अपेक्षेपेक्षा कमी. कचऱ्याचा संशय घ्यायला हरकत नाही.
• पी०५०७: आयडलिंगचा आरपीएम अपेक्षेपेक्षा जास्त. कुठूनतरी फुकटची हवा शिरतेय, किंवा साफसफाईनंतर ईसीयूला नव्याने शिकवलेलं नाही.
• पी२१११ आणि पी२११२: चकती उघडी अडकली किंवा बंद अडकली. कचरा असू शकतो, मोटर किंवा गिअरही असू शकतो.
• पी०१२१, पी०१२२, पी०१२३: चकतीच्या सेन्सरचा सिग्नल गडबडलाय. आधी वायर आणि कनेक्टर बघा.
• पी२१३५: चकतीच्या दोन सेन्सरचे आकडे जुळत नाहीत. हा विजेचा आजार आहे, पुसून जाणार नाही.
• पी२१३८: पेडलच्या दोन सेन्सरचे आकडे जुळत नाहीत. यात थ्रॉटल बॉडीचा दोषच नाही.

शेवटच्या दोन ओळी परत वाचा. "थ्रॉटलचा प्रॉब्लेम आहे" या एका वाक्यात तीन वेगळे आजार लपलेले असतात: कचरा, चकतीचा सेन्सर आणि पेडलचा सेन्सर. तिन्हीचा खर्च वेगळा आहे.

आमच्या गाडीत एकच कोड होता, पी०५०६. फ्रीझ फ्रेम सांगत होती: स्पीड ०, इंजिनचं पाणी ९१ अंश, आरपीएम ५४०. म्हणजे गरम इंजिन, उभी गाडी. बाबा सांगत होते तेच.

पायरी २: आयडलिंगचा आकडा

गाडी मोकळ्या जागेत उभी करा. बंद गॅरेजमध्ये इंजिन चालू ठेवायचं नाही, धुरातला कार्बन मोनॉक्साइड जीवघेणा असतो आणि त्याला वास नसतो. गिअर न्यूट्रल, हँडब्रेक ओढलेला, एसी बंद. रेडिएटरचा पंखा एकदा फिरून थांबेपर्यंत इंजिन गरम होऊ द्या. मग अ‍ॅपमध्ये 'थ्रॉटल पोझिशन' आणि 'इंजिन आरपीएम' बघा.

आतमध्ये काय चालतं ते बघायला मजा येते. अ‍ॅप गाडीला विचारतं "०१ ११", म्हणजे "आत्ताची थ्रॉटल पोझिशन सांग." आमच्या गाडीचं उत्तर होतं "४१ ११ ३६". शेवटचा ३६ हा हेक्साडेसिमल आहे, आपल्या नेहमीच्या मोजणीत ५४. २५५ म्हणजे १०० टक्के, म्हणून ५४ गुणिले १०० भागिले २५५, म्हणजे २१.२ टक्के.

आता २१.२ जास्त की कमी? इथे फसू नका. चकती जवळपास बंद असतानाही बऱ्याच गाड्यांत हा आकडा दहाच्या वर असतो, कारण सेन्सरचा व्होल्टेज शून्यापासून सुरूच होत नाही. प्रत्येक मॉडेलचा आकडा वेगळा. म्हणून तुलना त्याच मॉडेलच्या चांगल्या गाडीशी करायची. आमच्या ऑफिसात एका सहकाऱ्याकडे हेच मॉडेल आहे, निम्मंच चाललेलं. जेवणाच्या सुट्टीत पार्किंगमध्ये त्याच्या गाडीला अ‍ॅडॅप्टर लावला: १५.७ टक्के, आरपीएम ७५०च्या आसपास स्थिर. आमच्या गाडीचा २१.२ आणि आरपीएम ५६० ते ८२० नाचतोय. चकती जास्त उघडी, तरी इंजिनला हवा कमी. वाट अडलीय, हे आकडेच सांगत होते.

पायरी ३: सेन्सर तब्येतीत आहे का?

इंजिन बंद, किल्ली ऑन. अ‍ॅपमध्ये पेडलचे दोन्ही आकडे ('अ‍ॅक्सिलरेटर पेडल पोझिशन डी' आणि 'ई') आणि थ्रॉटल पोझिशन यांचा ग्राफ लावा. पेडल हळूहळू पूर्ण दाबा, हळूहळू सोडा. पाच वेळा करा. पेडलचे दोन आकडे बऱ्याचदा एकसारखे नसतात, पण एकत्र वाढले आणि एकत्र उतरले पाहिजेत. रेषा मध्येच तुटली, खाली पडली किंवा दातेरी झाली तर सेन्सर किंवा वायरिंगवर संशय. काही गाड्यांत इंजिन बंद असताना चकती पूर्ण उघडत नाही, त्याने घाबरू नका. किल्ली ऑन असताना थ्रॉटलकडून बारीक गुणगुण ऐकू आली तर तीही नॉर्मल आहे, मोटर तयार उभी असते.

आमच्या गाडीच्या रेषा पाचही वेळा सरळ. म्हणजे सेन्सर बरा, पेडल बरं, मोटर हलतेय. एअर फिल्टर उघडून बघितला, स्वच्छ. मग जाड पाईप सैल करून टॉर्च मारला: चकतीच्या काठाला काजळीसारखं काळं कडं. निदान झालं.

साफसफाईआधी: कोणी हात लावू नये?

• गाडी वॉरंटीत असेल तर सर्व्हिस सेंटरलाच न्या.
• पी२१३५ किंवा पी०१२१ ते पी०१२३ सारखा विजेचा कोड असेल तर साफसफाई हा त्यावरचा उपाय नाही.
• काही थ्रॉटलला आतून खास लेप असतो आणि 'साफ करू नका' असं स्टिकर असतं. ते दिसलं तर थांबा.
• थ्रॉटल बॉडीला पाण्याच्या, म्हणजे कूलंटच्या नळ्या जोडलेल्या असतील तर पहिल्याच वेळी ती काढू नका. जागेवरच कापडाने पुसा.

लागणारं सामान: थ्रॉटल बॉडी क्लीनरचा कॅन (मला ३८० रुपयांना पडला), स्क्रू ड्रायव्हर, १०चा पाना, तुमच्या गाडीच्या बोल्टप्रमाणे अ‍ॅलन की, लिंट न सोडणारी चार सुती कापडं, मऊ टूथब्रश, हातमोजे, चष्मा. कार्बोरेटर क्लीनर वापरू नका. तो जास्त तिखट असतो, लेप आणि रबर खराब करू शकतो. पेट्रोलमध्ये बुडवणं तर नकोच.

साफसफाई, एकेक पायरी

१. इंजिन पूर्ण थंड होऊ द्या. स्प्रे पेट घेणारा असतो, जवळ उदबत्ती-सिगारेट काही नको. प्रत्येक कनेक्टर आणि नळीचा काढायच्या आधी मोबाईलवर फोटो काढा.

२. किल्ली काढून खिशात ठेवा आणि बॅटरीची निगेटिव्ह वायर काढा. ही पायरी गाळायची नाही. किल्ली ऑन असताना चकतीत बोट घातलं आणि मोटरने चकती मिटली तर बोट कापलं जाऊ शकतं. (बॅटरी काढल्यावर काही गाड्यांत रेडिओ कोड मागतो किंवा काचांचं ऑटो फंक्शन परत सेट करावं लागतं. मॅन्युअल आधी बघून घ्या.)

३. एअर फिल्टरकडून येणारा पाईप क्लॅम्प सैल करून काढा. पाईपवर हवेचा सेन्सर असेल तर त्याचा कनेक्टर जपून काढा आणि त्या सेन्सरवर थ्रॉटलचा स्प्रे अजिबात मारू नका.

४. थ्रॉटलचा कनेक्टर लॉक दाबून काढा. वायर ओढायची नाही. मग बोल्ट काढा, आमच्या गाडीत चार होते. मागचं रबरी गॅस्केट तडकलेलं असेल तर नवीन घ्या.

५. इंजिनच्या उघड्या तोंडात स्वच्छ कापड लावा, म्हणजे आत काही पडणार नाही. आणि कापडं मोजून घ्या. आत राहिलेलं कापड इंजिनने गिळलं तर १९ हजार कमी वाटतील.

६. थ्रॉटल अशी धरा की मोटर आणि कनेक्टरची बाजू वर राहील. स्प्रे कापडावर आणि ब्रशवर मारा, दांड्याच्या टोकांवर धार सोडू नका, कारण तिथून द्रव सेन्सरमध्ये उतरतो. आधी पुढची बाजू पुसा. मग चकती बोटाने अगदी हळू उघडून धरा आणि मागचा काठ पुसा. खरा कचरा मागेच असतो. आतले गिअर बऱ्याचदा प्लास्टिकचे असतात, झटका द्यायचा नाही, चकती फटकन सोडायची नाही. सँडपेपर, ब्लेड, स्क्रू ड्रायव्हरचं टोक, काही नको.

७. चकतीजवळ एखादा छोटा अडवणीचा स्क्रू दिसला तर त्याला हात लावू नका. तो कारखान्यात सेट केलेला असतो.

८. दहा-पंधरा मिनिटं वाळू द्या. कापडं परत मोजा. बोल्ट समोरासमोरचे थोडे-थोडे आवळा, म्हणजे गॅस्केट सारखं बसेल. कनेक्टर 'टक' करून बसला पाहिजे. पाईप, क्लॅम्प, बारीक नळ्या फोटोशी ताडून बघा. सगळ्यात शेवटी बॅटरी.

माझी दुसरी चूक: साफ केली आणि गाडी ओरडायला लागली

स्टार्टर मारला आणि आरपीएम सरळ १,६००. खाली यायलाच तयार नाही. चेक इंजिनचा दिवा लागला, कोड पी०५०७. बाबा अंगणात उभे. काही बोलले नाहीत, पण चेहऱ्यावर दिसत होतं की १९ हजारांचं काम आता २५ हजारांचं झालं. मीही घाबरले.

मग आठवलं: ईसीयू कचऱ्याशी जुळवून घ्यायला शिकलेला आहे. तो अजून चकती जुन्या सवयीने जास्त उघडतोय, पण वाट आता मोकळी झालीय. म्हणून हवा धो-धो आत जातेय. बॅटरी काढली म्हणजे आठवण पुसली असं मला वाटलं होतं. पण काही ईसीयूमध्ये शिकलेला आकडा बॅटरी काढल्यावरही टिकून राहतो. अ‍ॅपचं नवं व्हर्जन टाकलं, पण कॅश जुनीच, तसला प्रकार.

आधी दुसरी शक्यता तपासली. एखादी नळी राहिली असेल तर तिथूनही फुकटची हवा शिरून असंच होतं. सगळ्या नळ्या फोटोशी ताडल्या, 'सूं' असा आवाज येतोय का ऐकलं. सगळं जागेवर. मग गाडीच्या मॅन्युअलप्रमाणे 'रीलर्न' केलं.

याची पद्धत प्रत्येक गाडीची वेगळी असते. बऱ्याच गाड्यांत ती साधारण अशी: किल्ली ऑन करून स्टार्ट न करता अर्धा मिनिट थांबा, किल्ली बंद करा, थोडं थांबा, मग अ‍ॅक्सिलरेटरला पाय न लावता स्टार्ट करा. पंखा फिरेपर्यंत तसंच चालू ठेवा. मग काही मिनिटं एसी लावून, काही मिनिटं बंद करून आयडलिंगला ठेवा. काही गाड्यांना मात्र स्कॅनरमधूनच 'थ्रॉटल अ‍ॅडॅप्टेशन'ची कमांड द्यावी लागते. स्वस्त अ‍ॅडॅप्टरला ते जमलं नाही तर तेवढ्यापुरतं गॅरेजमध्ये जा. सुटं बोल्ट-पान्याचं काम आणि हे काम वेगळं आहे, त्यात कमीपणा नाही.

आमच्या गाडीत वीस मिनिटं लागली. आरपीएम १,६००वरून १,२००, मग ९००, मग ७५०वर येऊन थांबला. कोड पुसला, यावेळी स्क्रीनशॉट काढून. अ‍ॅपमध्ये परत "०१ ११" विचारलं. उत्तर आलं "४१ ११ २७". हेक्साडेसिमल २७ म्हणजे ३९, म्हणजे १५.३ टक्के. आधीचे २१.२, आता १५.३. एसी लावला, स्टिअरिंग पूर्ण वळवलं, काटा जेमतेम हलला.

आणि जिथे साफसफाई चालली नाही

हे ऐकून शेजारचे काका त्यांची गाडी घेऊन आले. "माझीही अशीच बंद पडते, तेवढं साफ करून दे की." लक्षणं ऐकायला सारखीच. पण कोड निघाला पी२१३५. पेडल हळूहळू दाबलं तर थ्रॉटलची रेषा एका ठरावीक जागी येऊन दरवेळी खाली पडायची. पाचपैकी पाच वेळा, त्याच जागी.

मी पाना उचललाच नाही. कनेक्टर काढून बघितला, गंज नव्हता, पिना सरळ होत्या. काकांना स्क्रीनशॉट दिले आणि गॅरेजमध्ये पाठवलं. तिथे तपासून थ्रॉटल बॉडी बदलली, आणि ते बरोबरच होतं. ती मी साफ केली असती तर काकांनी दोन दिवस "झालं वाटतं" म्हणत गाडी हायवेला नेली असती. मला त्या दिवशी आमच्या गाडीच्या यशापेक्षा हे जास्त महत्त्वाचं वाटलं.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

किती किलोमीटरला साफ करावी? ठरावीक आकडा नाही. सहा महिन्यांतून एकदा गरम इंजिनचा आयडलिंग आकडा लिहून ठेवा. तो हळूहळू चढत असेल आणि आरपीएम डुलत असेल तर वेळ आली. लक्षण नसताना उगाच उघडू नका.

पेट्रोलमध्ये टाकायच्या औषधाने होईल का? नाही. बहुतेक पेट्रोल गाड्यांत इंजेक्टर थ्रॉटलच्या पुढे, इंजिनच्या बाजूला असतात. पेट्रोल चकतीपर्यंत येतच नाही.

इंजिन चालू ठेवून पाईपमध्ये स्प्रे मारला तर? तसं करू नका. मागचा काठ नीट साफ होत नाही, आणि पेट घेणारा स्प्रे गरम इंजिनजवळ उडतो.

साफ केल्यावर आठवड्यात परत तसंच झालं तर? मग कारण कचरा नव्हतं. प्लग, कॉइल, पेट्रोलचं प्रेशर, फुटकी नळी, असं बरंच काही असू शकतं. परत पहिल्या पायरीवर या, कोड वाचा.

शेवटचं

वर्कशॉपवाल्यांनी मुद्दाम फसवलं असं मी म्हणणार नाही. गर्दीच्या वेळी पार्ट बदलणं सोपं असतं, शोधत बसणं अवघड. पण पैसे आपले आणि गाडीत बसणारी माणसंही आपली. म्हणून पुढच्या वेळी कोणी "हा पार्ट गेला" म्हणालं तर भांडू नका, फक्त विचारा: "कोड कुठला आलाय? आकडा किती दिसतोय?" या दोन प्रश्नांनी बोलणंच बदलतं.

गाडी विकायचा विषय आमच्या घरी बंद झालाय. गेल्या महिन्यात बाबा आईला घेऊन खंबाटकी घाट उतरून पुण्याला आले, कुठेही बंद पडली नाही. मी त्यांच्या मोबाईलवर अ‍ॅप टाकून दिलंय. आता साताऱ्याहून फोन आला की तब्येतीच्या आधी आकडा सांगतात: "आज पंधरा पॉइंट तीन आहे गं."